आक्षेप नसल्यास

लतिकाने बेलवर बोट ठेवलं आणि तसंच राहू दिलं. दाबलं नाही. मागे तिची आई, गिरिजाबाई, एका हातात मेतकुटाची बरणी धरून आणि दुसऱ्या हाताने नाकावरचा चष्मा सांभाळत उभी होती. चष्म्याची उजवी काडी सहा दिवसांपूर्वी तुटली होती आणि तिच्या जागी पांढरा दोरा कानामागे गुंडाळलेला होता.

"वाजली का गं?"

"वाजेल."

"दाबल्याशिवाय कशी वाजेल?"

आईने बरणी काखेत धरली, लतिकाच्या खांद्यावरून हात पुढे काढला आणि बेल दाबली.

दार उघडायला वेळ लागला. विष्णूकाका बहुधा तळघरात असत, तिथून वर यायला चौदा पायऱ्या होत्या. ते घरी नसू देत, असं लतिकाने मनातल्या मनात देवाला सांगून पाहिलं. पण काकांची राखाडी गाडी शेजारीच उभी होती, तेव्हा देवालाही फारसं काही करण्यासारखं उरलं नव्हतं.

दार उघडलं. काकांनी कपाळावर सरकवलेला चष्मा खाली घेतला आणि दोघींकडे पाहिलं.

"या, ताई," ते म्हणाले. मग लतिकाकडे वळून, तितक्याच सहज, "ये."

लतिका चपला काढायला खाली वाकली आणि गरजेपेक्षा जास्त वेळ वाकलेली राहिली.

विष्णू पाटणकर एकतीस वर्षं चष्म्याच्या काचा घासणाऱ्या एका कारखान्यात होते. पार्सिपनीतली बाकी मराठी मंडळी कॉम्प्युटरवर आलेली, हे एकटे त्यांच्या बरेच आधी आणि हातकामावर आलेले. कारखाना बंद पडला तेव्हा तिथलं एक जुनं यंत्र त्यांनी घरी आणून तळघरात बसवलं. दर उन्हाळ्यात भारतातून कुणाकुणाचे आईवडील येत, आणि आले की आठवड्याभरात आपल्या चष्म्यावर बसत. त्यांचा इथे विमा नसे, डॉक्टर नसे. मग विष्णूकाका. मराठी मंडळाच्या कार्यक्रमातसुद्धा त्यांच्या खिशात बारीक स्क्रू ड्रायव्हर असायचा आणि नाटकाच्या मध्यंतरात चहाच्या रांगेइतकी रांग त्यांच्यासमोर लागायची. गिरिजाबाईंचा चष्मा सहा वर्षांपूर्वी त्यांनीच केला होता. काडी तुटल्यावर लतिकाने मॉलमधल्या दुकानात चौकशी केली, तिथे नवी तपासणी करा, दोन आठवडे थांबा म्हणाले. आईला ते पटलंच नाही.

"ज्यांनी केला तेच बघतील," ती म्हणाली होती. "एवढं जवळ राहतात. तुला फोन करायला काय होतं?"

काय होतं ते सांगण्यासारखं नव्हतं. म्हणून सहा दिवस दोरा.

त्याआधी सात आठवडे मागे जायला हवं. लतिका मंडळाची सेक्रेटरी होती. महिन्यातून एकदा लायब्ररीच्या खोलीत 'विचारकट्टा' भरायचा आणि ऑगस्टसाठी वक्ता मिळत नव्हता. काका तळघरात काम करताना काहीबाही वाचतात हे तिला ठाऊक होतं, म्हणून तीच त्यांच्याकडे गेली. ते नाही म्हणाले, दुसऱ्यांदा नाही म्हणाले, तिसऱ्यांदा कुणावर बोलायचं तेही सांगून मोकळे झाले. स्पिनोझा. तिने हे नाव आयुष्यात ऐकलं नव्हतं. तरी तिने सुंदर पोस्टर केलं, 'भिंगं घासणारा तत्त्वज्ञ', आणि खाली 'संयोजन' म्हणून स्वतःचं नाव जरा मोठ्या अक्षरांत घातलं.

काका छान बोलले. साडेतीनशे वर्षांपूर्वीचा ॲमस्टरडॅममधला हा ज्यू पोरगा, बापाचा व्यापार. देव जगाच्या बाहेर बसून कुणावर रागावत नाही, कुणावर खूश होत नाही, जे आहे ते सगळं मिळूनच देव, अशा दिशेने त्याची बुद्धी चाललेली. तेविसाव्या वर्षी त्याच्या समाजाने त्याला वाळीत टाकलं. त्याच्याशी बोलायचं नाही, एका छपराखाली राहायचं नाही, त्याने लिहिलेलं वाचायचं नाही, त्याच्या चार हातांच्या आत जायचं नाही.

"आपण म्हणतो ना, त्याच्यापासून चार हात लांब राहा," काका म्हणाले. "तिथे तसा हुकूमच काढला. मोजून चार हात."

लोक हसले. मग पुढे त्याने कसं भाड्याच्या खोलीत भिंगं घासून पोट भरलं, चालून आलेली प्राध्यापकी कशी नाकारली, मोकळा माणूस कधी कपटाने वागत नाही असं तो कसं म्हणायचा, आणि चव्वेचाळिसाव्या वर्षी छातीच्या आजाराने कसा गेला, हे सगळं काकांनी टिपणाशिवाय सांगितलं. लतिका पहिल्या रांगेत बसून अभिमानाने मागे वळून वळून बघत होती.

प्रश्नोत्तरांत रेणू उठली. रेणू लतिकाची इथली सर्वांत जवळची मैत्रीण. मार्चमध्ये तिचा मुलगा अकरा दिवस आयसीयूत होता.

"काका, मग ते अकरा दिवस मी बोलत होते ते कुणाशी?"

काकांनी माइक तोंडाजवळ धरून थोडा विचार केला.

"स्वतःशी, रेणू. ऐकणारं दुसरं कुणी नव्हतं."

खोलीतला एसी ऐकू येऊ लागला. रेणूने खुर्चीवरची पर्स उचलली आणि ती निघून गेली.

त्याच संध्याकाळी मंडळाचा अध्यक्ष सत्यजित याचा फोन आला. "लतिका, यार, गणपती दोन आठवड्यांवर आलाय आणि लोक अपसेट आहेत. स्पीकर तू आणलास. आता तूच हँडल कर." रेणूचा फोन त्याहून छोटा होता. "ते येणार असतील तर मी येणार नाही. तू ठरव." लतिकाच्या डोक्यात रेणूचं दुःख होतं, नव्हतं असं नाही. पण त्याच्यापेक्षा मोठ्याने वाजत होतं ते सत्यजितचं वाक्य. स्पीकर तू आणलास. पुढच्या वर्षी अध्यक्षपदासाठी तिचंच नाव होतं.

तिने मंडळाच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर चार ओळी लिहिल्या. खाली 'समिती' अशी सही केली. समिती म्हणजे त्या वेळी स्वयंपाकघरातल्या टेबलाशी बसलेली ती एकटी होती. एक्केचाळीस घरांचा ग्रुप. कुणी आक्षेप घेतला नाही. काहींनी हात जोडले. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी सहा वाजता, कुकरची तिसरी शिट्टी झाल्यावर, तिने काकांना ग्रुपमधून काढलं आणि गॅस बंद केला.

आणि गणपतीत आईने विचारलं, "विष्णूभाऊ दिसत नाहीत?" तेव्हा ती म्हणाली, मुलीकडे गेलेत, बेलव्ह्यूला.

आता काकांच्या स्वयंपाकघरात चहाचं आधण चढलं होतं. आई खुर्चीत ऐसपैस बसली होती. मेतकुटाचं कौतुक झालं, दोऱ्याचं कौतुक झालं ("गाठ कुणी मारली? पक्की आहे"), आणि लतिका भिंतीवरच्या कॅलेंडरकडे अशी बघत होती की जणू तिला ऑक्टोबर कळत नव्हता.

"गणपतीत मी तुम्हाला शोधत होते हो," आई म्हणाली. "मागच्या खेपेला आरतीचं तबक तुमच्याच हातात होतं. मग लतिका म्हणाली, तुम्ही राधिकाकडे गेलात. बेल... ते कुठलं गं?"

लतिकाचे कान तापले. गाळणं धरलेला काकांचा हात मधेच थांबला. त्यांनी लतिकाकडे पाहिलं, अगदी थोडा वेळ.

"बेलव्ह्यू," ते म्हणाले आणि चहा गाळायला लागले. "हो. गेलो होतो."

"तिकडे पाऊस फार म्हणतात."

"फार."

"नातू केवढा झाला?"

"एवढा," काका हाताने दाखवत म्हणाले, आणि तो हात कपाच्या कानाला जरासा आपटला.

आईला आणखी दहा प्रश्न होते. विमानाला किती तास लागतात, राधिकाची नोकरी कशी आहे, तिकडे गणपती मिळतो का. काकांनी प्रत्येकाचं दोन-तीन शब्दांत उत्तर दिलं. आपलं खोटं दुसऱ्याच्या तोंडून असं एकेक वीट चढताना ऐकणं लतिकाच्या सहनशक्तीपलीकडचं होतं. मेल्याहून मेल्यासारखं म्हणतात ते हेच असणार. तिने चहा भाजेल इतका गरम घेतला आणि तोंड भाजून घेतलं.

"बघू, द्या तो चष्मा," काका म्हणाले. "ताई, तुम्ही बसा, जिना उंच आहे. लतिका, तू चल, बॅटरी धरायला हवं कुणीतरी."

तळघरात थंडी होती. एका लांब बाकावर हिंगाच्या रिकाम्या डब्या ओळीने मांडलेल्या, त्यांत मापाप्रमाणे स्क्रू, काड्या, नाकावरच्या गाद्या, बिजागऱ्या. काकांनी दिवा ओढून घेतला, दोरा कापला आणि चष्मा पालथा केला. लतिका जिन्याच्या शेवटच्या पायरीपाशीच उभी राहिली.

"तिथून उजेड कसा येईल? जवळ ये."

ती जवळ गेली आणि बॅटरी धरली. काका तुटलेल्या बिजागरीतला स्क्रू उलटा फिरवू लागले.

"रेणूचा मुलगा कसा आहे?"

"बरा आहे. कॉलेजला गेला."

"छान झालं." स्क्रू निघाला. त्यांनी तो डबीत टाकला. "मी दोनदा फोन केला तिला. उचलला नाही. बरोबर आहे तिचं."

"तुम्ही चुकीचं काय बोललात, काका? तिने विचारलं, तुम्ही सांगितलं."

"बोललो ते बरोबरच. पण अकरा दिवस हॉस्पिटलच्या खुर्चीत काढलेल्या बाईला ते माइकवरून सांगायचं नसतं." ते डबीत काडी शोधत होते. "तोरा होता माझा. इतकी वर्षं हे वाचतोय, कधी कुणी काही विचारलं नाही. त्या दिवशी पहिल्यांदा कुणीतरी विचारलं, आणि मी उत्तर बघितलं, माणूस बघितला नाही. अजून लाज वाटते त्याची."

लतिकाला वाटलं, आता बोललं नाही तर या तळघरातून वर जाता येणार नाही. बॅटरीचा झोत बाकावरून डबीवर, डबीवरून भिंतीवर गेला.

"उजेड हलतोय," काका म्हणाले.

"काका, ते ग्रुपवरचं मी लिहिलं होतं. समितीने नाही. समितीची मीटिंगच झाली नव्हती."

"ठाऊक आहे."

"कुणी सांगितलं?"

"फोननेच सांगितलं. 'लतिकाने तुम्हाला काढलं' असं येतं खाली." त्यांनी एक काडी उजेडात धरली आणि परत ठेवली. "मीटिंग झाली नसणार हे वाचतानाच कळलं होतं. मीटिंग झाली असती तर मराठी एवढी चांगली नसती."

तिच्या हे कधी डोक्यातच आलं नव्हतं. नाव दिसतं हे नाही, आणि काका त्या ग्रुपवर आहेत, ते हे वाचतील, हेही लिहिण्याच्या घाईत नाही. आक्षेप घ्यायला सहापर्यंतची वेळ सगळ्यांना दिली होती आणि सगळ्यांत तेही होते.

"तुम्ही वाचलंत, तर काही लिहिलं का नाही?"

"लिहिता आलं असतं. एक्केचाळीस घरांत एक घर माझंही होतं." काका स्क्रू बसवायला लागले. तो इतका बारीक होता की त्यांनी श्वास धरला होता. बसल्यावर सोडला. "चहा करून बसलो होतो, फोन समोर ठेवून. म्हटलं, बघू या, कुणी काही लिहितं का. सहा वाजेपर्यंत बसलो."

लतिकाने बॅटरी दोन्ही हातांनी धरली. तिला रडू आलं असतं तर बरं झालं असतं, पण आलं नाही.

"मग आज दार कसं उघडलंत?" तिने विचारलं.

"बेल वाजली."

एवढंच. जणू तिने पाणी कुठे आहे विचारलं होतं. मग त्यांनी चष्मा उलटसुलट फिरवून पाहिला. नवी काडी काळी होती, जुनी तपकिरी.

"रंग जुळत नाही. ताईंना चालेल?"

"चालेल."

"तुझं एक काम आहे पण." काकांनी फडकं घेतलं आणि काच पुसायला सुरुवात केली. "वर मी तुझ्या आईशी खोटं बोललो. एकदा नाही, पाच-सहा वेळा. पाऊस काय, नातू काय. लायब्ररीत उभा राहून लोकांना मोकळ्या माणसाची लक्षणं सांगत होतो मी."

"माझ्यासाठी बोललात."

"नाही गं. तू तेवढं मोठेपण नको देऊस मला. चहा उकळत होता, बाई पाहुणी आलेली, आता कुठे वाद काढायचा, असं वाटलं. बाकी काही नाही." त्यांनी काच तोंडाजवळ नेऊन वाफ दिली. "त्या दिवशी ग्रुपवर सगळ्यांचं हेच झालं असणार. आज कळलं, किती सोपं असतं ते."

वरून आईची हाक आली, झालं का म्हणून. काकांनी "आलो" म्हणून सांगितलं, पण उठले नाहीत.

"मी दुरुस्त केलं तर त्यात तुझं नाव येतं. तेव्हा ते माझ्याकडून होणार नाही. तू कर."

"करते."

"आणि लाजेचं म्हणशील तर," काका बाकाला हात टेकून उठत म्हणाले, "स्पिनोझा काही लाजेला सद्गुण मानत नव्हता. पण जखम दुखत असेल तर तो भाग अजून सडलेला नाही, इतपत तो तिचा उपयोग सांगायचा. मला तेवढ्याने पुष्कळ धीर येतो."

वर आईने चष्मा घातला, मान हलवून पाहिली, खाली वाकून पाहिली. चष्मा हलला नाही. दोन रंगांच्या काड्यांचं तिला काहीच वाटलं नाही. निघताना ती काकांना म्हणाली, "दिवाळीच्या फराळाला यायचं हं. आता बेलव्ह्यूला जाऊ नका." काका हसले आणि लतिकाकडे त्यांनी मुद्दाम पाहिलं नाही.

गाडीत लतिकाने पहिले दोन सिग्नल तसेच जाऊ दिले. तिसरा लाल होता. समोर बघत बोलता येतं, एवढाच गाडीचा फायदा.

"आई, काका बेलव्ह्यूला गेले नव्हते. मी खोटं सांगितलं तुला. त्यांनी ते सांभाळून घेतलं."

"का?"

"आम्ही त्यांना मंडळातून काढलं. म्हणजे मी. ग्रुपवर लिहून."

सिग्नल हिरवा झाला. मागच्या गाडीने हॉर्न दिला, तेव्हा लतिका निघाली.

"कुठल्या ग्रुपवर?"

"मंडळाच्या. तू आहेस ना त्यात, मी तुला फोटो बघायला घातलं होतं."

आईने पर्समधून फोन काढला. गेल्या सहा दिवसांत तिने त्याला हात लावला नव्हता, एक हात चष्मा धरण्यातच जात होता. आता ती बोटाने मागे मागे जाऊ लागली. दसरा, भोंडला, विसर्जन, उकडीच्या मोदकांचे फोटो, मुलांची नाटुकली, पार्किंग कुठे करावं याच्या सूचना. प्रत्येकाखाली ती जरा थांबत होती, कारण जवळजवळ प्रत्येकाखाली तिचे जोडलेले हात होते. मेसेजवर बोट दाबून धरलं की हात जोडता येतात हे तिला नातीने, सियाने, आल्या आल्या शिकवलं होतं. तेव्हापासून ती कुणाला मोकळं सोडत नव्हती. कुणी आपल्याला काही लिहिलं आणि आपण नुसतं बघून गप्प बसलो, तर बरं दिसत नाही, असं तिचं म्हणणं.

मग ती थांबली. तिने फोन डोळ्यांपासून योग्य अंतरावर धरला आणि वाचायला सुरुवात केली, मोठ्याने, एकेक शब्द सुटा करून.

"'नमस्कार. काही सदस्यांच्या भावना दुखावल्या गेल्याचे लक्षात घेता, श्री. विष्णू पाटणकर यांना मंडळाच्या ग्रुपमधून तसेच यंदाच्या कार्यक्रमांतून वगळण्याचे प्रस्तावित आहे. उद्या संध्याकाळी सहापर्यंत आक्षेप नसल्यास सर्वांची संमती गृहीत धरण्यात येईल. समिती.'"

लतिकाला आपली वाक्यं ओळखू येत होती आणि ओळख नको वाटत होती.

"खाली अकरा जणांनी हात जोडलेत," आई म्हणाली. तिने त्या हातांवर बोट ठेवलं तशी नावं उघडली. ती एकेक नाव वाचत गेली. सहाव्या नावाशी तिचा आवाज बंद झाला.

लतिकाने वळून पाहिलं नाही. तिला ते नाव माहीत होतं. त्या दिवशीच तिने पाहिलं होतं, आणि तेव्हा खरं तर तिला जरा बरंच वाटलं होतं.

"हे मी केलंय?"

"तू सगळ्यांवरच करतेस, आई. कुणी काही समजत नाही त्याचं."

"समितीने मोजलं असेल की."

लतिकाने मोजलं होतं.

"वाचलं नसणार मी," आई म्हणाली. "चष्मा खराब..." आणि थांबली. तिने चष्म्याच्या काळ्या काडीला हात लावून पाहिला. "नाही. चष्मा तेव्हा चांगला होता."

रस्त्याच्या कडेला पेट्रोल पंप आला आणि लतिकाने गाडी आत घेतली. टाकी पाऊण भरलेली होती. इथे उतरावं लागत नाही, माणूस येऊन भरून देतो, तेवढा वेळ हात मोकळे राहतात. तिने काच खाली करून त्याला कार्ड दिलं.

"हे काढता येतं का?" आई विचारत होती.

"येतं. त्यावरच परत दाब."

आईने दाबलं. अकराचे दहा झाले. तिने दोनदा खात्री केली.

"आणि तुझं?"

"माझं नाही काढता येत. फार दिवस झाले."

आईने फोन मांडीवर पालथा ठेवला आणि समोर बघत बसली. ती काही बोलली असती, रागावली असती, तर लतिकाला सोपं गेलं असतं. लहानपणी खोटं पकडलं गेलं की आई अशीच गप्प बसायची आणि भाजी निवडत राहायची. आता निवडायला भाजी नव्हती.

लतिकाने स्वतःचा फोन उघडला, आपला तो मेसेज शोधला आणि त्याला उत्तर म्हणून लिहिलं, "हे पत्र समितीचे नव्हते. मी एकटीने लिहिले होते. माझा आक्षेप आहे." खाली नाव घातलं. सत्यजित, रेणू, पुढचं वर्ष, सगळं एकदा डोक्यातून जाऊन आलं. मग तिने ते पाठवलं. पंपावरच्या माणसाने काचेवर टकटक केली आणि कार्ड परत दिलं.

"झालं?" आईने विचारलं.

"झालं."

"मग मागे चल."

"आत्ता? काय सांगणार त्यांना?"

"ते मी बघेन. मीही हात जोडले होते, ते त्यांनी वाचलं असणार. आणि आज मी त्यांना पावसाचं विचारत बसले."

लतिका रस्त्याला लागली. पुढच्या चौकात तिने उजवीकडचा दिवा लावला.

"अगं, त्यांचं घर डावीकडे राहिलं ना?"

"इथे डावीकडे वळायचं तर आधी उजवीकडे जावं लागतं, आई. असाच रस्ता आहे."

आईने सवयीने चष्मा सांभाळायला हात वर नेला. चष्मा जागच्या जागी होता. दोघींच्या मधे ठेवलेला फोन थरथरला, थांबला, पुन्हा थरथरला. कुणीतरी लिहीत होतं. लतिकाने तो उचलला नाही. ती उजवीकडच्या फाट्याला लागली आणि वळसा घेऊन काकांच्या घराकडे निघाली.